टवका उडालेली थाळी

आमच्या बेटावरची माणसं आळशी नाहीत, थकलेली आहेत. पलीकडच्या कास्त्रो शहरातून लाँचनं कुणी येतं, बघतं की भर दुपारी एक बाप्या कुंपणाला टेकून उभ्या उभ्या घोरतोय, बटाट्याच्या शेतात एक बाई कुदळीच्या दांड्यावर हनुवटी टेकून डोळे मिटून उभी आहे, आणि जाऊन सांगतं, काय आळशी लोक आहेत हो! त्याला काय माहीत, आदल्या दिवशी आम्ही कुणाच्या तरी लग्नाचं अख्खं लोणी पुढच्या आठवड्यात सरकवलंय.

सरकवणं म्हणजे काय ते एकदाच सांगतो, दुसऱ्यांदा सांगायचं त्राण नाही. वस्तूला दोर बांधायचा. दोर रानातल्या वेलीचा, हातानं वळलेला. नायलॉनचा चालत नाही. पाद्रीबाबांच्या छत्रीवर मी करून बघितलंय, कापड गेलं आणि काड्या राहिल्या. दोर बांधला की वस्तूवर नजर ठेवायची आणि मागे मागे चालायचं. दोर ताणतो, वस्तू जागची हलत नाही. तुम्ही जेवढे लांब जाल तेवढी ती पुढच्या दिवसांत जाते. थांबलात, हात सैल सोडलात की ती गेली. मग तो दिवस उजाडला की त्याच जागी हजर. गरम गेली तर गरम, ओली गेली तर ओली. जिवंत काही जात नाही. कोंबडीवरही करून बघितलंय, ती नुसती चिडली.

आता फुकट काहीच नसतं. जेवढा काळ त्या वस्तूनं चुकवला, तेवढ्या काळाचा शीण ओढणाऱ्यांच्या अंगात उतरतो. म्हणून मोठं काही असलं की कुणी एकटं ओढत नाही, मिंगा बोलावतात. सगळा शेजार येतो, दोर धरतो, शीण वाटून घेतो आणि यजमानीण सगळ्यांना पोटभर जेवायला घालते. मिंगाला नाही म्हणायची सोय नाही, कारण उद्या तुमच्या घरी कोण येणार?

मिंगात हाळी देणारा मी. नाव कुस्तोदिओ बार्रिया, वय पन्नाशी उलटलेलं, अक्कल अजून यायचीय असं बायको म्हणते. सरकवण्याचा खरा उपयोग मीच केला. पाद्रीबाबांचे बूट रविवारवरून मंगळवारवर ढकलले, तर त्यांनी भोक पडलेल्या मोज्यांवर सगळी प्रार्थना म्हटली, आणि पुढच्या ओळीतल्या बायकांना देव आठवेना. त्या हसण्यापायी मी दोन दिवस चमचा उचलू शकत नव्हतो. तरी परवडलं.

तर त्या हिवाळ्यात, म्हणजे जुलैत, आमच्या दक्षिणेकडे तेव्हाच हिवाळा, एर्मेलिंदामावशीनं डुक्कर कापलं. कुणाकडे डुक्कर कापलं की घरोघरी थाळी जाते. मांस, तळलेली पुरी, वर बटाट्याची चरबीतली भाकरी, तिला आम्ही मिल्काव म्हणतो. पुढे त्या घरी डुक्कर कापलं की तीच थाळी तेवढीच भरून परत. रिकामी थाळी परत केली तर नातवंडांपर्यंत बोलणं बंद. आमची थाळी घेऊन मावशी स्वतः आली, तेव्हाच मला वास आला की काहीतरी गळ्यात पडतंय.

"कुस्तोदिओ, मिंगा बोलव."

"काय सरकवायचंय मावशी? दात?"

"दात असते तर आधी तुला चावले असते, मेल्या. थाळी सरकवायचीय. बेलिसारिओच्या वाटची."

माझी बायको रोसाल्बा भांडी घासत होती, तिचा हात थांबला. बेलिसारिओ म्हणजे मावशीचा एकुलता एक. दक्षिणेला, पार मागायानेसला मेंढ्या कातरायला गेला तो गेलाच. दर वर्षी निरोप यायचा, या उन्हाळ्यात येतो. दर हिवाळ्यात मावशी त्याची थाळी मांडायची, आणि दुसऱ्या दिवशी ती कुत्रा खायचा. कुत्र्याची तब्येत बघण्यासारखी होती.

"कुठल्या दिवसावर सरकवायची?" मी विचारलं. "तो येणार कधी?"

"ते मला काय माहीत?"

"मग मी काय हाळी देऊ? थांबा कुठं म्हणू?"

"मी म्हणेन थांबा."

"अगं मावशी, कुत्र्यालाच द्यायचीय तर इतक्या लांब कशाला पाठवतेस?"

ती हसली नाही. माझ्या विनोदावर मावशी हसली नाही म्हणजे प्रकरण गंभीर. "डॉक्टर म्हणाला, पुढचं डुक्कर काही तू कापत नाहीस. मला काही नको रे. पोरगा माझ्या हातचं गरम जेवला एवढं मला कळलं की झालं."

"कळणार कसं? तो येईल तेव्हा तू..."

"नसेन. माहीत आहे. तू दोर घेऊन ये." दारात जाऊन ती वळली. "आणि तो आला की थाळीचं सांगायचं नाही. लहानपणापासून, जेवायला ये म्हटलं की पळून जायचा."

मिंगाला लोक आले, पण कसे आले! पाऊस पडत होता, म्हणजे रोजच्यासारखा दिवस होता. माझा दोस्त लाँचवाला क्लोदोमिरो दारातच म्हणाला, "कोम्पाद्रे, परवाच्या लोण्याचा शीण अजून गुडघ्यात आहे. लवकर आटप." त्याच्या मागं जे आले ते सगळे तसलेच. एकाची पापणी उचलत नव्हती, ती तो बोटानं वर धरत होता.

टेबलावर थाळी. पांढरी, एनॅमलची, कडेला एका ठिकाणी टवका उडालेला, काळा, माशाच्या आकाराचा. तिच्यात वाफाळतं जेवण. मी दोर बांधला, हाळी दिली आणि आम्ही निघालो मागे मागे, स्वयंपाकघरातून अंगणात. अंगणात बघतो तर दोराच्या टोकाला मावशी!

"मावशी, सोड! यजमानीण दोर धरते का कधी?"

"माणसं कमी आलीत. चल."

"जेवायला कोण वाढणार मग?"

"वाढून ठेवलंय. तोंड बंद कर आणि चाल."

सफरचंदाच्या झाडाखालून, कुंपणाच्या फटीतून, किनाऱ्यावर. ओहोटी होती. दारातून थाळी एवढीशी पांढरी दिसत होती. मावशी थांबा म्हणेना. चिखल लागला, गोटे लागले, पाणी लागलं. बुटांत पाणी शिरलं तशी मागून क्लोदोमिरोच्या शिव्या सुरू झाल्या. पाणी गुडघ्याला लागलं तेव्हा मावशी म्हणाली, "थांबा."

हात सैल केले. टेबलावरची पांढरी टिकली विझली आणि शीण आला. कसा सांगू! कुणीतरी ओलं वाळूचं पोतं हाडांच्या आत भरावं तसा. पाण्यातच दोघं बसले.

"मावशी," मी म्हटलं, "इथंच का थांबवलंस? काही खूण दिसली?"

"पाय दुखायला लागले."

अंदाज मी केला. इतकी वर्षं हाळी देतोय. एवढं लांब म्हणजे शरद ऋतू, एप्रिल, सफरचंदं उतरतात तेव्हा. आठवडाभर इकडेतिकडे.

घरात येऊन जेवलो, आणि जो जिथं होता तो तिथं आडवा झाला. मी चुलीजवळच्या बाकावर. जाग आली ती चमच्याच्या आवाजानं. मावशी टेबलाशी बसून सफरचंद चमच्यानं खरवडून खात होती. समोर थाळीभर सफरचंदं, तिच्या झाडाची, एका गालावर लाल रेघा असलेली. एकाला हिरवं पान चिकटलेलं. जुलै महिन्यात! आमच्याकडे सफरचंद एवढं टिकत नाही, मे संपायच्या आत सगळी दारूत जातात.

"कुठली गं ही?"

"पोरानं दिली."

"कुठल्या पोरानं?"

"मला एकच आहे." तिनं एक माझ्या हातात दिलं. त्याचा एक घास कुणीतरी आधीच घेतला होता. दातांचे ठसे स्वच्छ, आतला भाग पांढराशुभ्र, आत्ता चावल्यासारखा. मी तिच्या बोळक्या तोंडाकडे बघितलं, सफरचंदाकडे बघितलं. एरवी मी असल्या गोष्टीचा पिच्छा सोडत नाही. पण डोळेच उघडे राहीनात. वाटलं, पेंढ्यात जपून ठेवली असतील, म्हातारी चेष्टा करतेय. थाळीलाही तसाच टवका होता. वाटलं, जोडी असेल. वाटायला काय पैसे पडतात?

"झोपून घे," मावशी म्हणाली. तिच्या तोंडावरून हसू हटत नव्हतं. "तुला अजून ओढायचंय."

ऑक्टोबरात, बटाट्याच्या लावणीच्या दिवसांत, ती झोपेतच गेली. आख्ख्या बेटावर एवढा विसावलेला चेहरा मी पाहिला नव्हता. आम्हाला हेवा वाटला.

पोराला निरोप पोचायला आणि पोराला पोचायला एप्रिल उजाडला. उंच, वाकलेला, मावशीचंच नाक. मंगळवारच्या लाँचनं आला, थडग्यावर उभा राहिला, आणि संध्याकाळी माझ्याकडे येऊन म्हणाला, "काका, शुक्रवारच्या लाँचनं जातो. घराला कुलूप लावतो. किल्ली तुमच्याकडे राहू दे."

"अरे थांब जरा. सफरचंदं उतरायचीत."

"तुम्हीच उतरवा. मला त्या स्वयंपाकघरात बसवत नाही."

तो गेल्यावर रोसाल्बानं माझ्याकडे बघितलं. "थाळी आली नाही अजून."

"येईल. याच दिवसांत."

"आणि तो शुक्रवारी जाणार. म्हणजे परत कुत्राच जेवणार."

"ए बाई, कंबर मोडून पाठवलीय ती थाळी! कुत्र्यासाठी नाही."

मग मी मला जे येतं ते केलं. शुक्रवारी पहाटे त्याचे बूट पुढे सरकवले. एकट्यानं. फार नाही, अंगणाच्या कोपऱ्यापर्यंतच गेलो, पण परत येताना भिंत धरून आलो. तो आला मोज्यांवर.

"काका, माझे बूट पाहिले?"

"उंदरांनी नेले असतील."

"मोठे बूट आहेत हो!"

"आमच्याकडे उंदीरही मोठे आहेत."

रोसाल्बानं त्याला स्वतःचे रबरी बूट दिले. दिले म्हणजे अशा बेतानं दिले, की पाय आत घालेपर्यंत लाँच सुटली. पुढच्या मंगळवारच्या लाँचसाठी त्यानं ते रबरी बूट उशाशी घेऊन झोपायची शक्कल काढली. मी पँट सरकवली. एकच पँट घेऊन आला होता तो, मागायानेसला बहुतेक कपड्यांचा जुलूम नसतो. घोंगडी गुंडाळून दारात उभा राहिला, आणि या वेळी काका वगैरे काही म्हणाला नाही.

"कुस्तोदिओ, तूच! लहानपणापासून ऐकतोय तुझे धंदे. माझी आई मेलीय आणि तुला खेळ सुचतो?"

काय सांगणार? सांगायचं नाही असं म्हातारीनं बजावलेलं. मी भिंतीला टेकून उभा होतो, कारण टेकल्याशिवाय उभा राहू शकत नव्हतो. म्हटलं, "उंदीर."

तो घोंगडीवरच लाँचकडे निघाला! पठ्ठ्या खरा मावशीचा. मी पळालो, म्हणजे चाललो, म्हणजे पोचलो एकदाचा धक्क्यावर. क्लोदोमिरोनं मला बघितलं, मागून येणारी घोंगडी बघितली.

"कोम्पाद्रे, नको," तो म्हणाला. "तू काय मागणार आहेस ते ओळखलंय आणि नको."

"इंजिन फिरवायचं हँडल. एक दिवस फक्त."

"माझे गुडघे..."

"तुझ्याच गुडघ्यांनी ती थाळी एप्रिलपर्यंत नेलीय. कुत्र्याच्या पोटात घालायची का?"

क्लोदोमिरोनं सुस्कारा सोडला. इतका लांब सुस्कारा मी ऐकला नाही, मध्ये एकदा श्वास घ्यावा लागला त्याला. मग त्यानं धक्क्यावरच्या लोकांना हाक मारली. कुणी विचारलं नाही कशाला. जांभया देत आले, दोर धरला, मागे मागे गेले आणि हँडल नाहीसं झालं. एक म्हातारा जाळ्यांच्या ढिगावर पडला आणि तिथंच घोरायला लागला. घोंगडी गुंडाळलेला बेलिसारिओ हे सगळं बघत उभा होता. त्याला काही कळेना. चोरून करणारा मी एकटा असतो तर त्यानं मारलं असतं. आख्खं गाव त्याच्यासाठी थकतंय म्हटल्यावर त्याचा हात उठेना.

"का?" एवढंच म्हणाला.

"घरी चल," मी म्हटलं. "उद्यापर्यंत थांब."

दुसऱ्या दिवशी सकाळी तो मावशीच्या स्वयंपाकघरात मला जाब विचारत होता. मी बाकावर आडवा, रोसाल्बा चुलीत लाकडं सारत होती. "माझी मेंढ्यांची पाळी गेली. मुकादम दुसरा माणूस घेईल. माझी पँट द्या, बूट द्या, आणि मला..."

तो थांबला. टेबलावर काही नव्हतं आणि आता होतं. वाफ सरळ वर जात होती. डुकराचं मांस, पुरी, मिल्काव. मांसाच्या कडेला चरबी अजून तडतडत होती. खोलीभर आमच्या जुलैचा वास, ओल्या कपड्यांचा, धुराचा.

बेलिसारिओनं घोंगडी सावरली. थोडा वेळ दाराकडे बघितलं. मला वाटलं, पळतो आता. पण त्यानं स्टूल ओढलं आणि बसला. हातानंच खायला लागला. मान खाली. आम्ही दोघं भिंतीकडे बघत राहिलो.

बऱ्याच वेळानं म्हणाला, "मीठ कमी आहे."

"तिचं कमीच असायचं," रोसाल्बा म्हणाली.

"हो. कायम कमी." आणि नाक पुसलं. "मीठ आहे का?"

रोसाल्बानं मीठ दिलं नाही. "खा तसंच."

त्यानं तसंच खाल्लं, भाकरीनं थाळी पुसून खाल्लं. थाळी धुतली, फडक्यानं कोरडी केली आणि ठेवायला फळीकडे गेला. तिथं थबकला. "अरे," तो म्हणाला, "ही तर इथंच आहे."

फळीवर तीच थाळी होती. त्यानं दोन्ही शेजारी धरल्या. तोच टवका, तोच मासा, शेपटीकडे तीच बारीक चीर. जोडी नव्हती ती. एकच थाळी दोनदा होती.

मी बाकावर उठून बसलो आणि माझ्या डोक्यात एकेक दिवा लागायला लागला. जुलै. थाळीभर सफरचंदं. हिरवं पान. तुला अजून ओढायचंय. "अरे देवा," मी म्हटलं, "अरे देवा, नको."

"काय झालं?" बेलिसारिओनं विचारलं.

"तू ही थाळी रिकामी ठेवणार होतास फळीवर?"

तो वरमला. कितीही वर्षं मेंढ्यांत काढली तरी बेटावरचाच माणूस. "नाही म्हणजे... परत करायला पाहिजे. पण कुणाला? ती तर..."

"झाडाखाली जा. सफरचंदं घेऊन ये."

मागे सरकवणं आमच्याकडे कुणी कधी केलेलं नाही. जुनी माणसं म्हणायची, करायचं तर वस्तूकडे पाठ करून ओढायचं आणि वळून बघायचं नाही. शीण किती येतो ते मात्र त्यांच्यातल्या कुणालाच माहीत नव्हतं. पण थाळी फळीवर होती. म्हणजे आम्ही ओढली होती. म्हणजे आता सुटका नव्हती. उभ्या जन्मात मी लोकांच्या खोड्या काढल्या, आणि एका बोळक्या म्हातारीनं मला नऊ महिने आधी फळीवर टांगून ठेवलं होतं.

बेलिसारिओ घोंगडीच्या ओच्यात सफरचंदं घेऊन आला, थाळीत रचायला लागला. एक उचललं, उलटसुलट केलं, "किडकं आहे का बघू" म्हणून एक घास घेतला, आणि ठीक आहे म्हणून थाळीत ठेवलं.

"असलं चावलेलं देतोस आईला?" रोसाल्बा म्हणाली.

"असू दे," मी म्हटलं. माझा आवाज मलाच ओळखू येईना. "तसंच राहू दे ते. मला मिळणार आहे."

दोर बांधला. तिघांनी खांद्यावर घेतला, थाळीकडे पाठ केली, आणि समुद्राकडे बघत चालायला लागलो. मी हाळी दिली नाही, दम नव्हता. क्लोदोमिरो कुंपणाशी उभा होता. काही न विचारता तोही दोराखाली शिरला, फक्त म्हणाला, "कोम्पाद्रे, यानंतर मी मेलो तरी मला उठवू नकोस." पावलागणिक एकेक जुना महिना अंगावर चढत होता. शेवटी गोटे लागले, पाणी लागलं. थांबा म्हणायला मावशी नव्हती. पण पाणी गुडघ्याला लागलं तसे आम्ही आपोआप थांबलो.

दोर हलका झाला. वळून कुणी बघितलं नाही.

"पोचली?" बेलिसारिओनं विचारलं.

"पोचली. चमच्यानं खरवडून खातेय."

"तुम्हाला काय माहीत?"

"मी बाकावर होतो. तिला विचारलं, कुठली गं ही? म्हणाली, पोरानं दिली."

तो पाण्यात उभा राहिला. घोंगडी भिजली, त्याला पत्ता नव्हता. तेवढ्यात धक्क्यावर क्लोदोमिरोचं हँडल परत आलं असावं, कारण कुणीतरी तिकडून ओरडलं की लाँच तयार आहे. आम्ही घरात आलो तर उंबऱ्याशी त्याचे बूट होते. खुर्चीवर पँटही आली होती, मी नेली तेव्हासारखीच चुरगळलेली. त्यानं पँट घातली. बूट घालायला बाकावर माझ्या शेजारी बसला, एक घातला, दुसरा हातात घेतला आणि तसाच माझ्या खांद्यावर कलंडला.

रोसाल्बा म्हणाली, "उठव त्याला. लाँच चाललीय."

मी उत्तर दिलं की नाही ते आठवत नाही.